प्राणी-पक्ष्यांच्या नवलाईवर चित्रफीत : संहिता लेखनाचे तंत्र



उरणपासून हरिहरेश्वरपर्यंतच्या किनारपट्टीत शेती करणाऱ्या माणसाला रोजच्या कामात जे दिसते ते पाहण्यासाठी शहरातील माणसे मुद्दाम प्रवास करून येतात. खाडीच्या चिखलात निवटी मासा असूनही उड्या मारत फिरते. मृगाच्या पहिल्या पावसात वलगणीचे मासे ओढ्याच्या उलट्या धारेने चढून भाताच्या खाचरात येतात. ओंबील मुंग्या आंब्याची पाने एकमेकांना शिवतात आणि त्या शिवणीसाठी लागणारा रेशमी धागा आपल्याच अळ्यांकडून काढतात. पूर्वी अशा गोष्टी ओटीवर सांगितल्या जात. आता गावातील प्रत्येक तरुणाच्या खिशात मोबाईल आहे आणि त्याने केलेली चित्रफीत एका दिवसात तालुकाभर फिरते.

ही सोय मोठी आहे, तसेच नुकसानही मोठे होऊ शकते. मांडूळ सापाचे बोथट शेपूट तोंडासारखे दिसते. धोका वाटला की तो डोके लपवून शेपूट पुढे करतो, जेणेकरून शत्रूचा घाव डोक्यावर पडू नये. एवढ्या साध्या बचावाच्या सवयीवरून त्याला 'दुतोंड्या' ठरविण्यात आले, त्याच्यामुळे धन मिळते अशी अफवा जोडली गेली आणि वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ चे संरक्षण असूनही या निरुपद्रवी सापाची तस्करी होत राहिली. धामण गाईच्या पायाला विळखा घालून दूध पिते, हा समजही असाच. सापाला दूध ओढून पिता येत नाही. धामण येते ती उंदरांसाठी, आणि तिला मारले तर बांधावरचे उंदीर वाढतात. तेव्हा चित्रफीत करताना नुसती नवलाई दाखवून भागत नाही, ती नीट सांगावी लागते. त्यासाठी आधी कागदावर संहिता लिहावी. ती कशी लिहावी याची माहिती या लेखात दिली आहे.

१. रायगड किनाऱ्यावरील एक आदर्श उदाहरण

प्राण्यांच्या वर्तनाचा अभ्यास कसा करावा याचा उत्तम धडा आपल्याच जिल्ह्यात घडलेला आहे. पक्षीशास्त्रज्ञ डॉ. सलीम अली जर्मनीतील शिक्षण आटोपून १९३० मध्ये परत आले तेव्हा त्यांच्या हाताशी नोकरी नव्हती. ते अलिबाग तालुक्यातील किहीम येथे राहावयास आले. त्या वेळी हा जिल्हा कुलाबा या नावाने ओळखला जात असे. घराजवळ सुगरण पक्ष्यांची वसाहत होती. त्यांनी ती पावसाळ्यात बारकाईने पाहिली आणि आपली निरीक्षणे १९३१ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केली.

त्यांनी काय पाहिले? खोपा विणतो तो नर. खोपा अर्धा झाला की मादी येऊन पाहणी करते. तिला पसंत पडला तर नर तो पूर्ण करतो आणि ती त्यात अंडी घालते. त्यानंतर तोच नर जवळच दुसरा खोपा सुरू करतो आणि दुसऱ्या मादीची वाट पाहतो. म्हणजे एका हंगामात एका नराचे एकामागून एक असे अनेक संसार होतात. अर्धवट राहिलेल्या खोप्यांना पूर्वी नराच्या विसाव्याची जागा समजत. प्रत्यक्षात ते मादीची पसंती न मिळालेले खोपे असतात.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. आपल्या भाषेत 'सुगरण' हा शब्द स्त्रीलिंगी आहे. पिढ्यान्‌पिढ्या आपण विणकामाचे श्रेय मादीला दिले. पक्षी सर्वांच्या डोळ्यांसमोर होता, तरीही कोण विणतो हे नीट पाहिले गेले नव्हते. चांगल्या चित्रफितीचा विषय नेमका अशा ठिकाणी असतो. त्यासाठी दूरच्या जंगलात जाण्याची गरज नाही. रोज दिसणारी, परंतु कोणी थांबून न पाहिलेली गोष्ट निवडावी.

२. लिहिण्यापूर्वी निरीक्षण

संहितेची सुरुवात लेखणीने होत नाही, वहीने होते. निवडलेल्या प्राण्याचे किमान पाच दिवस, एकाच ठिकाणी व शक्यतो एकाच वेळी अर्धा तास निरीक्षण करावे. मोबाईल खिशात ठेवावा. वहीत पुढील नोंदी कराव्यात :

(अ) तारीख, वेळ, जागा, पाऊस व वाऱ्याची दिशा.
(आ) खाडीकाठचा प्राणी असल्यास तिथी व भरती-ओहोटी.
(इ) प्राण्याने काय केले. 'रागावला', 'लाजली', 'सूड घेतला' असे शब्द वहीत लिहू नयेत. 'पंख फडफडवले', 'मागे सरकली', 'तीन वेळा चोच मारली' असे लिहावे.
(ई) तीच कृती किती वेळा झाली आणि किती वेळा झाली नाही.

सुगरणीसाठी झाडाची ढोबळ आकृती काढून प्रत्येक खोप्याला क्रमांक द्यावा. कोणता खोपा टोपासारखा अर्धा आहे, कोणाला खाली नळी फुटली आहे, कोणत्या खोप्यात मादी शिरली, हे रोज त्या क्रमांकापुढे टिपावे. चार-पाच दिवसांत असे दिसू लागते की मादीने पसंत केलेल्या खोप्यांनाच नळी येते. हा शोध तुमच्या डोळ्यांनी लागलेला असतो आणि म्हणूनच तुमच्या निवेदनात जोर येतो. दुसऱ्याची चित्रफीत पाहून लिहिलेल्या संहितेत तो येत नाही.

३. 'का?' या एका प्रश्नाचे चार प्रश्न

प्राण्यांच्या वर्तनाच्या अभ्यासाबद्दल १९७३ चे नोबेल पारितोषिक कार्ल फॉन फ्रिश, कोनराड लोरेंझ आणि निको टिनबर्गेन या तिघांना मिळाले. त्यांपैकी टिनबर्गेन यांनी १९६३ मध्ये असे मांडले की, कोणत्याही वर्तनाबाबत 'का?' या प्रश्नाचे चार वेगळे अर्थ होतात. संहिता लिहिताना ही चौकट फार उपयोगी पडते. सुगरणीच्या खोप्यावर ती अशी लागू करता येईल :

पहिला प्रश्न : हे वर्तन आत्ता कशामुळे सुरू झाले? पाऊस पडतो, गवत व भाताची पाने लांब व लवचीक होतात, नराच्या अंगावर विणीच्या हंगामाचा पिवळा रंग चढतो आणि विणकाम सुरू होते.

दुसरा प्रश्न : हे त्याला कसे जमू लागले? विणण्याची ओढ उपजत असते, परंतु हात बसावा लागतो. निकोलस व एल्सी कॉलिअस या दांपत्याने आफ्रिकेतील विणकर पक्ष्यांवर प्रयोग केले. ज्या लहान नरांना विणण्याचे सामान मिळू दिले नाही, ते पुढे विणकामात मागे पडले.

तिसरा प्रश्न : याचा उपयोग काय? पाण्यावर झुकलेल्या बारीक फांदीच्या टोकाला लोंबणारा आणि खालून लांब नळीतून वाट असलेला खोपा साप व इतर शत्रूंना सहज गाठता येत नाही. बरेचदा खोपे झाडाच्या पूर्व बाजूस आढळतात. नैऋत्येकडून येणाऱ्या पावसाळी वाऱ्याचा मारा त्या बाजूस कमी लागतो.

चौथा प्रश्न : ही सवय वंशात कशी आली? आफ्रिका व आशियातील या पक्ष्यांच्या भाऊबंदांत साध्या गोल घरट्यांपासून लांब नळीच्या खोप्यांपर्यंत अनेक प्रकार दिसतात. त्यांच्या तुलनेतून या प्रश्नाचा विचार करता येतो.

तीन मिनिटांच्या चित्रफितीत चारही प्रश्न घेऊ नयेत. एकच घ्यावा. चारही एकदम घेतले की प्रेक्षकाच्या हाती एकही लागत नाही.

४. आकर्षक परंतु असत्य माहिती टाळावी

सुगरण आपल्या खोप्यात काजवे चिकटवून दिवा लावते, ही गोष्ट आपण सर्वांनी ऐकली आहे. यात खरे किती? अर्ध्या खोप्याच्या आत नर ओल्या मातीचे गोळे लावतो हे खरे आहे. त्यामुळे हलका खोपा वाऱ्यात स्थिर राहण्यास मदत होत असावी, असे मानले जाते. काजव्यांचा दिवा ही मात्र लोककथा आहे. संहितेत लोककथा जरूर घ्यावी, परंतु ती लोककथा म्हणूनच सांगावी आणि लगेच मातीचा गोळा दाखवावा. 'लोक असे म्हणतात, आता आपण आत पाहू' या एका वाक्याने प्रेक्षक खुर्चीत पुढे सरकतो. खोटी गोष्ट खरी म्हणून सांगण्यापेक्षा हा मार्ग अधिक आकर्षक आहे.

निवेदनातील प्रत्येक विधानापुढे कंसात तीनपैकी एक खूण करावी : 'पाहिले', 'वाचले' किंवा 'ऐकले'. 'ऐकले' अशी खूण असलेले विधान कृषी विज्ञान केंद्र, महाविद्यालयातील प्राणीशास्त्राचे शिक्षक किंवा वन विभागाचे कर्मचारी यांच्याकडून तपासून घेतल्याशिवाय चित्रफितीत ठेवू नये.

५. तीन मिनिटांची नमुना संहिता

मराठी निवेदन सावकाश वाचल्यास मिनिटाला सुमारे शंभर शब्द होतात. तीन मिनिटांत तीनशे शब्द बसतात, परंतु तेवढे लिहू नयेत. एकूण वेळेपैकी किमान एक मिनिट प्राण्याच्या आवाजासाठी व शांततेसाठी मोकळे सोडावे. कागदाचे दोन भाग करून डावीकडे दृश्य व उजवीकडे निवेदन लिहावे. येथे सोयीसाठी ते एकाखाली एक दिले आहे.

दृश्य १ (१५ सेकंद) : विहिरीवर झुकलेली शिंदी, वाऱ्यावर हलणारे खोपे. फक्त पक्ष्यांचा आवाज.
निवेदन : नाही.

दृश्य २ (३० सेकंद) : नर गवताची पाती सोलून नेत आहे.
निवेदन : श्रावण लागला. विहिरीवरच्या शिंदीला खोपे लोंबू लागले. या पक्ष्याला आपण सुगरण म्हणतो. पण नीट पाहा. डोके पिवळे, गाल काळपट. हा नर आहे. त्याने पात्याला चोचीने खाच पाडली, टोक धरले आणि उडाला. निघाला लांब दोरा!

दृश्य ३ (३५ सेकंद) : टोपाच्या आकाराचा अर्धा खोपा, मध्ये आडवी कडी. शेवटची दहा सेकंद शांतता.
निवेदन : आठवडाभरात काम इथवर आले. उलटा टोप आणि मधोमध एक कडी. आणि काम थांबले. गवत भरपूर आहे, पाऊसही आहे. मग हा थांबला कशासाठी?

दृश्य ४ (३५ सेकंद) : साध्या तपकिरी रंगाची मादी येते. नर खोप्याला लटकून पंख फडफडवतो.
निवेदन : ही मादी. चिमणीसारखी साधी. ती एका खोप्यात शिरते, बाहेर येते, दुसऱ्याकडे जाते. आता घर पाहणे चालू आहे.

दृश्य ५ (४० सेकंद) : शेजारी शेजारी दोन खोपे, एक नळीसह पूर्ण, दुसरा अर्धा. त्यानंतर नर नवी गाठ बांधताना.
निवेदन : हा पसंत पडला. कडीच्या एका बाजूला अंड्यांची खोली झाली, दुसऱ्या बाजूने नळी खाली आली. शेजारच्याला पसंती मिळाली नाही, तो तसाच राहिला. आता हा नर पिल्ले सांभाळील असे वाटते ना? पाहा. त्याने दुसऱ्या खोप्याची पहिली गाठ मारली. आपल्या किहीमला १९३० साली सलीम अलींनी हेच पाहिले होते.

दृश्य ६ (२५ सेकंद) : चोचीत अळी घेऊन नळीत शिरणारी मादी. मागे हिरवे भात.
निवेदन : हा पक्षी भाताचा दाणा खातो, हे आपण जाणतो. पण आज पिल्लांच्या चोचीत जाते ती अळी आणि नाकतोडा. दाणा भरेल तेव्हा राखण करू. आज खोपा राहू द्या.

वरील नमुन्यात पुढील बाबी लक्षात घ्याव्यात. प्रश्न पहिल्या दीड मिनिटाच्या आत विचारला आहे. उत्तर सांगण्यापूर्वी ते दृश्यातून दिसू दिले आहे. पडद्यावर जे दिसते आहे तेच शब्दांत पुन्हा सांगितलेले नाही, जे पाहावयाचे आहे तिकडे बोट दाखविले आहे. आणि शेवट शेतकऱ्याच्या शेतात आणून सोडला आहे. पूर्ण खोपा विणण्यास सुमारे १८ दिवस लागतात आणि नराच्या सुमारे ५०० फेऱ्या होतात, ही माहिती चांगली असली तरी येथे घेतली नाही, कारण विचारलेल्या प्रश्नाशी तिचा संबंध नाही. ती दुसऱ्या चित्रफितीसाठी राखून ठेवावी.

६. चित्रण करताना घ्यावयाची काळजी

(१) चांगले दृश्य मिळावे म्हणून फांदी तोडू नये, खोपा खाली ओढू नये किंवा अंड्यांना हात लावू नये. पक्षी घाबरून आवाज करू लागला तर आपण फार जवळ गेलो आहोत असे समजावे व मागे यावे.

(२) कासवाच्या मादीवर अथवा पिल्लांवर बॅटरीचा किंवा मोबाईलचा प्रकाश टाकू नये. पिल्ले समुद्राकडील उजळ क्षितिजाच्या दिशेने जातात आणि कृत्रिम प्रकाशाने त्यांची दिशा चुकते. वन विभागाच्या परवानगीशिवाय व कासवमित्रांच्या देखरेखीशिवाय घरट्याजवळ जाऊ नये.

(३) दुर्मिळ अथवा तस्करी होणाऱ्या प्राण्याचे नेमके ठिकाण चित्रफितीत सांगू नये. गावाची पाटी, ओळखीचे देऊळ अशा खुणाही दृश्यात येऊ देऊ नयेत.

(४) खाडीत चित्रण करताना भरतीची वेळ आधी काढावी. आपल्या किनाऱ्यावर अमावास्या-पौर्णिमेस साधारण बाराच्या सुमारास भरती असते व पुढे रोज पाऊण तासाने ती उशिरा येते. म्हणून तिथीला पाऊणने गुणले की भरतीची ढोबळ वेळ मिळते. उदा. अष्टमीस सहाच्या सुमारास. निवटी व खेकडे ओहोटीला चिखलावर येतात. चिखलात एकट्याने उतरू नये.

(५) प्राण्याला मुद्दाम डिवचून 'विलक्षण' वर्तन घडवून आणू नये. असे चित्रण खोटेही असते आणि क्रूरही.

७. वर्षभरासाठी विषय

ज्येष्ठ-आषाढ : वलगणीचे मासे. नव्या पाण्याने भरलेल्या उथळ खाचरात मासे अंडी घालण्यासाठी चढतात, कारण तेथे पिल्लांना खाद्य भरपूर व शत्रू कमी असतात. या विषयावर बहुधा पाटी भरून पकडलेले मासे दाखविले जातात. त्याऐवजी एका माशाच्या पोटातील गाभोळी दाखवावी आणि विचारावे : सगळेच वाटेत पकडले तर पुढच्या वर्षी चढणार कोण?

आषाढ-श्रावण : भातखाचरातील खेकडे. रात्री बाहेर पडून कोवळी रोपे कापतात व बांधाला बिळे पाडून पाणी घालवतात. दिवसा ते दिसत नसल्याने दोष उंदरावर जातो. खेकड्याची मादी आपली पिल्ले पोटाखालच्या झडपेत सांभाळते, हे दृश्य अवश्य घ्यावे. कंदील घेऊन रात्री खेकडे वेचण्याचा उपाय का चालतो, हे त्यातून आपोआप कळते.

श्रावण-भाद्रपद : सुगरण.

कार्तिक ते माघ : निवटी आणि एक नांगी मोठी असलेला खाडीतील छोटा खेकडा. निवटी कल्ल्यांच्या पोकळीत पाणी धरून ठेवते व ओल्या त्वचेतूनही श्वास घेते. तो खेकडा मोठी नांगी हलवून मादीला बोलावतो व दुसऱ्या नराला धाक दाखवतो. चिखल खाण्यासाठी नराला एकट्या लहान नांगीचाच उपयोग होतो. खार बांधाच्या आतबाहेरची जीवसृष्टी समजली तर बांधाची देखभालही समजते.

माघ ते चैत्र : ऑलिव्ह रिडले कासव. श्रीवर्धन तालुक्यातील हरिहरेश्वर, दिवेआगर, मारळ येथे त्यांची घरटी होतात. बाणकोट खाडीपलीकडील वेळास येथे चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने २००२ पासून केलेले संरक्षणाचे काम सर्वश्रुत आहे. मादी शंभरच्या आसपास अंडी घालून निघून जाते, आणि वाळू किती तापली यावर पिल्ले नर होणार की माद्या हे ठरते. वाळू अधिक तापली तर माद्या अधिक होतात. ओडिशाच्या किनाऱ्यावर २०२१ मध्ये खूणपट्टी लावलेली एक मादी २०२५ मध्ये गुहागरला अंडी घालताना आढळली. या एका घटनेवर स्वतंत्र चित्रफीत होऊ शकते.

८. सारांश

चित्रफितीसाठी महागडे साहित्य लागत नाही. लागते ती पाच दिवसांची वही, एक नेमका प्रश्न आणि माहीत नसलेले न सांगण्याची शिस्त. रोज दिसणारी गोष्ट निवडावी. आधी दाखवावे, मग विचारावे, उत्तर शेवटी द्यावे. ऐकीव माहिती तपासून घ्यावी. प्राण्याला त्रास होऊ देऊ नये. चित्रफीत तयार झाल्यावर ती प्रथम गावातील एखाद्या जाणत्या शेतकऱ्याला व शाळेतील एका मुलाला दाखवावी. शेतकऱ्याने 'हे खोटे आहे' असे म्हटले किंवा मूल मध्येच उठून गेले, तर संहिता पुन्हा लिहावी. दोघेही शेवटपर्यंत पाहून 'मग पुढे काय होते?' असे विचारू लागले, तर ती गावाबाहेर पाठविण्यास हरकत नाही.

या पावसाळ्यात विहिरीवरच्या शिंदीखाली अर्धा तास उभे राहून पाहावे. ज्या खोप्यात कीटक खाणारी पिल्ले आहेत तो शोभेसाठी तोडून बाजारात विकला जाणे किंवा उंदीर खाणारी धामण काठीखाली मरणे हे शेवटी शेतीचेच नुकसान आहे. तुमच्या तीन मिनिटांच्या चित्रफितीने एक खोपा झाडावर राहिला आणि एक धामण बांधावर राहिली, तरी विस्ताराचे काम झाले असे समजावे.